जिथं मेल थांबत नाही

मागच्या महिन्यात जमीला आपाचा शिरूरहून फोन आला. माझी ही थोरली बहीण आता ऐंशीला टेकली आहे. तिला स्वतःला कमी ऐकू येतं, म्हणून समोरच्यालाही बहिरं समजून ती ओरडून बोलते. "नजमा, आमी युरोपला चाललोय!" मी म्हटलं, "अगं, बाजाराला चालल्यासारखं काय सांगतेस!" तिची नात सना पुण्यात कंपनीत नोकरीला आहे, तिनं सगळ्या घराला सुट्टीत फिरवून आणायचं काढलं होतं. पॅरिस, रोम, स्वित्झर्लंडचा बर्फ, असं ठरत आलं होतं आणि आपानं मोडता घातला. "जिथं समदी जात्यात तिथं कशाला मरायचं? दुसरी गावं न्हाईत का त्या मुलखात?" सना आधी हसली, मग रागावली, मग मोबाईल घेऊन आजीशेजारी बसली आणि दोघींनी मिळून गावं शोधली. बेल्जियममधलं गेंट, पोर्तुगालमधलं पोर्तो आणि एक ल्युब्लियाना. ते नाव आपाला अजून धड म्हणता येत नाही, पण तेच गाव तिला सगळ्यांत आवडलंय. "गावातनं नदी जाती म्हनं," ती म्हणाली, "आन् मेल काय थांबत नसंल तिथं." ते वाक्य आमच्या अब्बांचं होतं.

अब्बा मालगाडीवर गार्ड होते. दौंडच्या रेल्वे कॉलनीत आमचं दोन खोल्यांचं क्वार्टर, पुढं पडवी, मागं परसात शेवग्याचं झाड आणि अम्माच्या कोंबड्या. दौंडचा आवाज म्हणजे शंटिंगचा आवाज. डबा डब्यावर आदळला की धडाड्‌धड्‌ असं लांबवर पळत जायचं, आणि आमच्या फळीवरची भांडी किणकिणायची. पाहुणे दचकून उठायचे. आम्हाला मात्र आवाज थांबला की जाग यायची. अम्मा गच्चीवर नाही, पडवीतच पापड वाळत घालायची आणि वर जुनं पातळ पसरायची, तरी तळताना पापडावर इंजिनाच्या धुराची काजळी दिसायचीच. "दौंडाचा मसाला हाय त्यो, खा गुमान," ती म्हणायची. दाराशी अब्बांची लोखंडी पेटी असायची. तिच्यात लाल-हिरवी निशाणं, बत्ती, शिट्टी आणि कामावर न्यायचा शिधा. त्या पेटीला हात लावायची आम्हाला बंदी होती. घरात बोली म्हणाल तर दखनी आणि मराठी यांची खिचडी. अब्बा रागवायचे दखनीत आणि समजूत काढायचे मराठीत, त्यामुळं त्यांनी भाषा बदलली की आपण सुटलो हे आम्हाला कळायचं.

गार्डाचा डबा गाडीत सगळ्यांत शेवटचा. सगळी गाडी नजरेखालून घालायची, निशाण हलवायचं, गाडी हलली आणि आपला डबा समोर आला की मग चढायचं. ही सवय अब्बांच्या अंगात इतकी मुरली होती की ते लग्नाच्या पंगतीतसुद्धा शेवटी बसायचे. मशिदीतून शेवटी बाहेर पडायचे. घरातसुद्धा आम्ही सगळे आत आलो, कोंबड्या डालल्या, की मग ते उंबरा ओलांडायचे. अम्मा म्हणायची, "ह्यांना जन्नतीच्या दारातबी उभं ऱ्हायचं हाय, समदी आत गेली का बघत."

रेल्वेच्या माणसाला घरच्यांसकट फुकट प्रवासाचा पास मिळतो. कॉलनीत पास निघायचे दिवस आले की सणासारखं वातावरण व्हायचं. कुणी काशी, कुणी रामेश्वर, कुणी दिल्ली. शेजारच्या कुलकर्णी काकू काशीहून आल्या की आठवडाभर कॉलनीला गंगेचं पाणी चमच्या-चमच्यानं वाटायच्या आणि सोबत वर्णन मात्र घागरीनं. आणि आमचे अब्बा? अब्बांचा नियम एकच: "जिथं मेलगाडी थांबत न्हाई, तिथं जायचं. गर्दीच बघायची तर दौंडाचा फलाट काय वाईट हाय?" एका साली आम्ही होटगीला गेलो. सोलापूरच्या पुढचं जंक्शन, फलाट सोडला की ऊन आणि धूळ. तिथं स्टेशनमास्तरच्या बायकोनं आम्हाला घरी नेऊन ज्वारीची भाकरी आणि झणझणीत शेंगाचटणी खाऊ घातली, तिच्या पोरींबरोबर आम्ही दिवसभर जिबली खेळलो. निघताना तिनं अम्माची ओटी भरली आणि अम्मानं तिला बांगड्या दिल्या. मला तर फार आवडलं होतं. पण शाळेत बाईंनी विचारलं, सुट्टीत कोण कुठं गेलं? मी होटगी म्हटल्यावर सगळा वर्ग हसला. "काय बघितलंस तिथं?" मी खरं तेच सांगितलं, "फलाट." मग तर बाईसुद्धा हसल्या.

जमीला आपा माझ्यापेक्षा सात-आठ वर्षांनी मोठी. तिनं कधी कशासाठी हट्ट केला नाही. ईदला कापड कमी पडलं तर तीच म्हणायची, "नजमाला शिवा." अशी ही आपा, तिचं लग्न शिरूरच्या मुलाशी ठरलं. मुलगा एसटीत मेकॅनिक, माणसं चांगली, जुने लोक शिरूरला घोडनदी म्हणायचे, त्या नदीच्या अंगाला त्यांचं घर. अब्बांना जावई पसंत होता, पण एसटीचा म्हटल्यावर त्यांचा चेहरा जरा पडलाच. आणि आपाचा पडला तो वेगळ्या कारणानं. लग्न झालेल्या मुलीचं नाव बापाच्या पासावर राहत नाही, आणि शिरूरला रेल्वेच नाही. म्हणजे तो तिचा शेवटचा पास. चुलीपाशी भाकरी थापता थापता तिनं अम्माला हळूच सांगितलं, "अम्मे, या साली अब्बांना म्हन ना, आग्रा. एक डाव ताजमहाल बघू द्या मला."

अम्मानं ते रात्रीच्या जेवणात अब्बांच्या ताटात वाढलं. अब्बा कुरकुरले. तिथं काय मेळाच भरलेला असतो, म्हणाले. अम्मा कडाडली, "पोरीनं जल्मात एक गोष्ट मागितली, आन् तुम्ही मेळा काय सांगता?" अब्बांनी दालच्यात भाकरी कुस्करली आणि मराठीत म्हणाले, "बरं बया, आग्रा तर आग्रा." आपा स्वयंपाकघरात पाठमोरी होती, पण तिच्या मानेवरूनसुद्धा मला कळलं की ती हसतेय.

हिवाळ्यात निघालो. मोजकीच रजा, बरोबर गुळाच्या दशम्या, लसणाची चटणी, तळलेला खिमा आणि पाण्याची सुरई. मनमाडला गाडी बदलल्यावर अब्बांनी हळूच पिल्लू सोडलं. पासावर वाटेत उतरता येतं. वाटेत बुऱ्हाणपूर आहे. एक दिवस, फक्त एक दिवस, तिथं थांबू. "ह्ये बघा," अम्मा म्हणाली, "कुत्र्याचं शेपूट नळीत घातलं तरी वाकडं." आपा काहीच बोलली नाही. न बोलणाऱ्या माणसानं होकार दिला असं आपण धरून चालतो, तसं अब्बांनी धरलं.

बुऱ्हाणपूर खरंच देखणं गाव. दगडी दरवाजे, मोठी मशीद, आणि तिथली ती माव्याची जिलेबी! काळपट, जाड, तळहाताएवढी, वर रस असा की कोपरापर्यंत ओघळ. मी दोन खाल्ल्या आणि आग्रा विसरून गेले. दुपारी अब्बांनी आम्हाला नावेनं तापीपलीकडं नेलं. शेतांच्या मधोमध एक पडकी इमारत, कोरडा हौद, हौदात शेळ्या चरत होत्या. ज्या राणीसाठी ताजमहाल बांधला, ती मेली या बुऱ्हाणपुरात आणि तिला आधी पुरलं ते इथं, असं नावाडी सांगत होता. अब्बा तर फुलून गेले. "बघितलंस का जमीला? सारं जग आग्र्याला जातं. पन खरं रडू झालं ते हितं!"

आणि आपा एकदम बोलली. आयुष्यात पहिल्यांदा मी तिला अब्बांसमोर आवाज चढवताना ऐकलं. "असंल अब्बा. पन तुमची गावं तुमाला ऱ्हाऊ द्या. शिरूरला रूळ न्हाईत. उद्या सासरी बाया विचारतील, रेल्वेवाल्याची लेक ना तू, काय काय बघितलंस? मी काय सांगू? होटगी? कोरड्या हौदात शेळ्या? समद्यांनी बघितलंय ते मलाबी बघायचंय. त्यात काय वाईट हाय?" बोलता बोलता तिला रडू फुटलं. शेळीवालासुद्धा बघायला लागला.

अब्बा हौदाच्या कडेला बसले. म्हणाले, "तुझ्या अम्माला नवी नवरी असताना मी मुंबैला नेलं व्हतं. दिवसभर फिरलो. येका मानसानं इचारलं न्हाई का बाबा कुठनं आलात, पानी प्यालात का. लोक आमाला ढकलून म्होरं जात व्हते. सांजच्याला तुझी अम्मा रडली. तवाच ठरवलं, माझी बायकापोरं जिथं जातील तिथं पाहुनी म्हनून जातील, गर्दी म्हनून न्हाई." पण अम्मा फणकारली, "अल्ला! मी त्यासाठी रडले व्हय? नवी चप्पल चावली व्हती मला! टाच सोलून निघाली व्हती!" अब्बा तिच्याकडं बघतच राहिले. वीस वर्षं एका चपलेवर त्यांनी आमच्या सहली काढल्या होत्या. आपाला रडता रडता हसू आलं, मग सगळेच हसलो, आणि अब्बा उठून म्हणाले, "चला. उद्याच्या गाडीनं आग्रा. आता मधी कुठं न्हाई."

परवा सनानंही फोनवर मला हेच ऐकवलं. "आजी म्हणते पॅरिस नको. मावशीआजी, मी ऑफिसात परत येऊन काय सांगू, ल्युब्लियाना?" मी तिला म्हटलं, हे वाक्य तुझ्या आजीला सांग. तिनं सांगितलं. तर आपा म्हणाली, "मग पॅरिसबी बघ. बघावं मानसानं. पन एकच दिस."

दुसऱ्या दिवशी सकाळी बुऱ्हाणपूरच्या फलाटावर गाडी आली. अब्बांनी आम्हाला चढवलं, ट्रंक चढवली, सुरई दिली. आणि स्वतः खाली उभे राहिले. हात पाठीमागं, नजर इंजिनाकडं, मग शेवटच्या डब्याकडं. शिट्टी झाली. गाडी हलली. अब्बा तसेच उभे, आपला डबा येईल आणि चढू, या हिशेबानं! गाडी वेगात आली, शेवटचा डबा त्यांच्यासमोरून निघून गेला आणि त्यातल्या गार्डानं त्यांच्याकडं बघून निशाण हलवलं, तेव्हा कुठं त्यांना उमगलं असणार की ही गाडी आपली नाही. पास त्यांच्या कोटाच्या खिशात. अम्मा खिडकीतून ओरडत होती. डब्यातल्या लोकांनी साखळी दाखवली, "खींचो! खींचो!" पण आम्ही गार्डाच्या पोरी. साखळी ओढणाऱ्यांना अब्बा घरात बसून ज्या शिव्या घालायचे, त्या ऐकत आम्ही मोठ्या झालेल्या. आपाचा हात वर गेला, साखळीला लागला आणि खाली आला. कुणाच्याच हातून ते झालं नाही. मी वाकून मागं पाहिलं तर लांब फलाटावर अब्बांनी हात डोक्यावर नेऊन हलवला. गार्ड गाडीला देतो तो इशारा. निघा, पुढं जा.

तो इशारा आपानं पाहिला होता. तिला त्याचा अर्थ नीट कळला होता. पुढं गेलो असतो तर अब्बा मागच्या गाडीनं आग्र्याला आले असते. तिकीट तपासनीसाला अम्मानं काहीतरी सांगून निभावलं असतं. पुढच्या थांब्यावर, खांडव्याला, उतरलो तर दिवस गेला, आणि रजेत तर तेवढाच दिवस शिल्लक होता. अम्मा म्हणाली, "जमीला, तू सांग बाई. तुझा पास हाय ह्यो." खांडवा आलं. आपानं ट्रंकेचं कडं धरलं. "उतरा," ती म्हणाली. "ते एकलेच ऱ्हायलेत."

फलाटावर तपासनीसानं अडवलं. अम्मा आपल्या दखनीत आणि तो त्याच्या हिंदीत, बराच वेळ कुणाचंच कुणाला कळेना. शेवटी स्टेशनमास्तरांनी बुऱ्हाणपूरला फोन लावला, ऐकलं आणि हसू दाबत म्हणाले, "हाँ, वहाँ एक गार्ड खड़ा है. बिना गाड़ी का." मग आम्हाला बायकांच्या वेटिंग रूममध्ये बसवलं. तिथली झाडूवाली, कमलाबाई नावाची, तिनं घरून कढी आणि मक्याच्या रोट्या आणल्या, माझे केस विंचरले, आणि आपाचं लग्न ठरलंय म्हटल्यावर दोन तास तिला सासूशी कसं वागायचं ते शिकवलं. "पहिल्या दिवशी जास्त काम नको करूस," हा तिचा मुख्य मुद्दा होता. आपा ऐकत होती, पण तिचं लक्ष रुळांकडं होतं. तिच्या डोळ्यांत पाणी होतं, ते अब्बांसाठी की आग्र्यासाठी, हे मी तेव्हा विचारलं नाही आणि आता तिला आठवत नाही.

ऊन कलल्यावर एक मालगाडी आली. डबे सरकत सरकत शेवटी थांबले, आणि अगदी शेवटच्या डब्यातून, दुसऱ्याच गार्डाशेजारून, आमचे अब्बा उतरले. हातात जिलेबीचा पुडा, रसानं कागद फाटलेला, कोटावर ओघळ. ते आमच्यापर्यंत आले आणि आपासमोर उभे राहिले. "मी जा म्हनलो व्हतो ना गं? दिसलं न्हाई का?" आपा म्हणाली, "दिसलं." एवढंच. अब्बांनी तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि सगळ्यांसमोर लहान पोरासारखे रडले. त्यांना रडताना मी तेव्हा पाहिलं, पुन्हा कधीच नाही. मग डोळे पुसून तडक स्टेशनमास्तरांकडं गेले आणि दौंडला रजा वाढवायची तार केली. ज्या माणसानं ताप असताना ड्युटी चुकवली नव्हती, त्यानं.

ताजमहाल बघितला. खोटं कशाला बोलू, फारच सुंदर होता. आपा त्याच्यासमोर तोंड उघडं ठेवून उभी राहिली आणि मी तिची थट्टा केली. गर्दीही अब्बा म्हणाले होते तेवढीच होती. आम्हाला कुणी कुठनं आलात म्हणून विचारलं नाही, तर अब्बांनीच चार जणांना विचारलं.

महिन्याभरात लग्न झालं. आपा एसटीत बसून शिरूरला गेली. लग्नानंतर पहिल्यांदा अम्मा तिला आणायला गेली, आणि परतल्यावर रात्री अब्बांना वाढता वाढता सांगू लागली. शेजारच्या बाया जमल्या होत्या. सासू मोठ्या कौतुकानं म्हणाली, आमच्या सुनंनं आग्रा बघितलाय, सांग गं ताजमहाल कसा हाय. "आन् तुमच्या लेकीनं काय सांगावं? खांडवा! झाडूवाली काय म्हनली, कढी कशी व्हती, मालगाडीच्या शेवटच्या डब्यातनं अब्बा कसे उतरले, जिलेबीचा रस कोटावर कसा... बाया हसून हसून लोळल्या. मग कुनीतरी म्हनलं, अगं पन ताजमहाल? तर म्हनती कशी, व्हय, त्योबी हाय. पांढरा हाय." अब्बांनी भाकरी मागितली, ताटात आधीची भाकरी तशीच असताना.

पुढच्या वर्षी पुन्हा पास निघायचे दिवस आले. कुलकर्णी काकू द्वारकेला निघाल्या होत्या. अम्मानं विचारलं, "मग? या साली कुठलं होटगी?" अब्बा पेटीतली निशाणं घडी घालत होते. "या साली पास न्हाई काढायचा," ते म्हणाले. "शिरूरला जाऊ." अम्मा वैतागली. "लेकीच्या सासरी कोन सुट्टीला जातं का? लोक नावं ठेवतील. आन् तिथं रेल्वे कुठाय?" अब्बा म्हणाले, "म्हनूनच. मेल सोड, तिथं मालगाडीबी थांबत न्हाई."

दौंडच्या स्टँडवर त्यांनी नेहमीसारखं आधी आम्हाला एसटीत चढवलं, मग इतर सगळ्यांना चढू दिलं आणि कंडक्टर ओरडल्यावर शेवटी स्वतः चढले. वाटभर खिडकीबाहेर बघत होते. न्हावऱ्याच्या पुढं बाजरीची रानं लागली, मग शिरूर आल्यासारखं वाटलं तसे ते उठून दारापाशी जाऊन उभे राहिले. कंडक्टर म्हणाला, "बाबा, बसा, पडाल." ते बसले नाहीत. शिरूरच्या स्टँडवर कडुनिंबाखाली आपा उभी होती, हिरव्या लुगड्यात, सासूशेजारी, डोक्यावर पदर. गाडी अजून नीट थांबलीही नव्हती. आणि माझ्या आठवणीत पहिल्यांदाच अब्बांनी मागं वळून बघितलं नाही, कोण उतरलं, कोण राहिलं काही नाही. त्या दिवशी सगळ्यांच्या आधी ते उतरले.